हुरड्याची आगटी आणि शेतावरचा पाहुणा

मार्गशीर्ष सरत आला, की सोलापूर, धाराशिव, लातूर, बीड आणि अहिल्यानगर या जिल्ह्यांतील काळ्या रानांत शाळूची कणसे भरू लागतात. पंढरपूर, तुळजापूर, अक्कलकोट या तीर्थक्षेत्रांकडे जाणाऱ्या रस्त्यांवर याच दिवसांत ‘हुरडा मिळेल’ अशा पाट्या ठिकठिकाणी दिसू लागतात. प्रवासी वाहन थांबवितात, बांधावरून शेतात उतरतात, आगटीभोवती बसून गरम हुरडा खातात आणि दुपारी झाडाच्या सावलीत भाकरी-पिठल्याचे जेवण घेऊन पुढच्या प्रवासाला लागतात. एकेकाळी आप्तेष्टांपुरता मर्यादित असलेला हा पाहुणचार आता अनेक कुटुंबांच्या उत्पन्नाचे साधन बनला आहे.

शेतावरील पाहुणचाराला मोल आले, ही स्वागतार्ह गोष्ट होय. परंतु मोल आले की हिशेबही आला. पाहुण्याने दिलेल्या पैशापैकी किती पैसा पीक काढणाऱ्याच्या आणि भाकरी थापणाऱ्या स्त्रीच्या हाती पडतो, आणि या व्यवसायामुळे ज्वारीचे रान टिकते की त्या रानाची केवळ शोभेची बाग होते, हे दोन प्रश्न गावाचा कारभार पाहणाऱ्यांनी आताच विचारात घेणे अगत्याचे आहे.

जुनी रीत : वेळ अमावस्या

शेतात सर्वांनी मिळून जेवण्याची प्रथा आपल्याकडे नवी नाही. लातूर व धाराशिव जिल्ह्यांत आणि सोलापूर जिल्ह्याच्या काही भागांत मार्गशीर्ष अमावस्येला ‘वेळ अमावस्या’ किंवा ‘येळवस’ साजरी होते. त्या दिवशी गावे ओस पडतात आणि शिवारे गजबजतात. शेतात कडब्याची कोप उभारून तिच्यात पूजा मांडतात. शेंगा, पालेभाज्या व डाळीचे पीठ एकत्र शिजवून केलेली भज्जी, ताकात ज्वारीचे पीठ कालवून केलेले आंबील, बाजरीचे उंडे, गव्हाची खीर असा बेत असतो. शेत नसलेल्या शेजाऱ्याला, शाळेच्या गुरुजींना, कचेरीतील परगावच्या कर्मचाऱ्याला अगत्याने बोलावणे जाते. वाटेने जाणाऱ्यालाही जेवल्याशिवाय पुढे जाऊ देत नाहीत.

या रीतीमागे एक व्यवहार दडलेला आहे. अमावस्येच्या सुमारास रब्बीचे पीक ऐन भरात असते. ते अद्याप घरात आलेले नसते, पण हाताशी आलेले असते. अशा वेळी चार माणसे शेतात बोलावून पीक दाखविणे म्हणजे वर्षभराच्या कष्टाला गावाची साक्ष ठेवणे होय. आजच्या कृषी पर्यटनाने यातील अगत्य घेतले आहे. पीक दाखविण्याचा हा भागही त्याने सोडता कामा नये.

हुरडा म्हणजे काय?

रब्बी ज्वारी, म्हणजेच शाळू, ही साधारणपणे सप्टेंबरच्या मध्यापासून ऑक्टोबरच्या मध्यापर्यंत पेरतात. परतीच्या पावसाने खोल काळ्या जमिनीत साठविलेल्या ओलीवर हे पीक बहुतांशी वाढते. थंडीतील दव आणि जमिनीतील ओल एवढ्या भांडवलावर माणसाला दाणा आणि जनावराला कडबा अशी दुहेरी बेगमी करणारे हे पीक असल्याने अवर्षणप्रवण टापूत त्याचे महत्त्व असाधारण आहे.

कणीस बाहेर पडून फुलोरा संपला, की दाण्यात प्रथम दुधासारखा रस भरतो. हा रस हळूहळू घट्ट होतो. दाणा चिकात असताना, म्हणजे नखाने दाबला तर फुटतो पण दूध सांडत नाही अशा अवस्थेत, त्याला हुरडा म्हणतात. त्या वेळी दाण्यात साखरेचा अंश पुष्कळ असतो. पुढे तिचे पिष्टात रूपांतर होते आणि दाणा टणक बनतो. म्हणूनच एका पेरणीचा हुरडा जेमतेम आठवडाभर, फार तर दहा दिवस उत्तम लागतो. त्यानंतर त्याची गोडी उतरते.

प्रत्येक ज्वारीचा हुरडा चांगला होत नाही. ज्याच्या दाण्यात गोडी अधिक आणि ज्याचा दाणा बोंडातून सहज सुटतो तो वाण हुरड्याला योग्य. सुरती, गुळभेंडी हे पारंपरिक वाण या गुणांसाठीच शेतकऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या जपले. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाने ‘फुले उत्तरा’ व ‘फुले मधुर’ हे खास हुरड्याचे वाण दिले आहेत. भाकरीसाठी मात्र ‘मालदांडी ३५-१’ चे नाव आजही आदराने घेतले जाते. सोलापूर जिल्ह्यातील मोहोळ येथील संशोधन केंद्रात १९३० च्या दशकात स्थानिक मालदांडीतून निवड करून हा वाण तयार करण्यात आला. इतकी दशके लोटली तरी शेतकऱ्यांनी त्याला अंतर दिलेले नाही, ही शेतीशास्त्राच्या इतिहासातील उल्लेखनीय बाब होय.

याच जिल्ह्यातील मंगळवेढे हे ‘ज्वारीचे कोठार’ म्हणून प्रसिद्ध आहे. मंगळवेढ्याच्या ज्वारीला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. दुष्काळात सरकारी कोठार भुकेल्या प्रजेसाठी खुले करणाऱ्या दामाजीपंतांची परंपरागत कथा याच गावची. ज्या भूमीची अशी ख्याती, तेथे पाहुण्याच्या पानात बाजारातून आणलेले भलतेच धान्य पडू नये, ही अपेक्षा वाजवीच म्हणावी लागेल.

आगटीपासून पत्रावळीपर्यंत

मंगळवेढे तालुक्यातील एका शेतावर प्रस्तुत लेखकास गेल्या हंगामात ही सारी प्रक्रिया पाहावयास मिळाली. बांधालगत वीतभर खोलीचा खड्डा खणून त्यात गोवऱ्या पेटविल्या होत्या. यालाच आगटी म्हणतात. धूर ओसरून निखारा राहिला, की ताजी खुडलेली कणसे देठाला धरून गरम राखेत खुपसतात आणि फिरवीत राहतात. आच कमी पडली तर दाणा कच्चा राहतो. ती वाढली तर जळतो. आगटीवर बसलेले वयस्क शेतकरी घड्याळ न पाहता केवळ वासावरून कणीस बाहेर काढीत होते. भाजलेली कणसे गोणपाटावर हातांनी चोळायची, सुपाने पाखडून फोलपट उडवायचे आणि वाफाळलेले हिरवे दाणे पानावर वाढायचे, ही कामे घरातील स्त्रियांकडे होती. तळव्यांना चटके बसत असतानाही त्यांचे हात थांबत नव्हते.

हुरड्याबरोबर शेंगदाण्याची व कारळाची चटणी, दही, गूळ हे असतेच. त्याला हरभऱ्याचा हावळा, बोरे, पेरू यांची जोड मिळते. दुपारच्या जेवणात भाकरी, पिठले, वांग्याचे भरीत, मिरचीचा ठेचा, कांदा व ताक एवढे पदार्थ होते. यांतील बहुतेक सर्व जिन्नस त्या शेतातले किंवा शेजारच्या शेतातले होते. ताकही गोठ्यातल्या म्हशीचेच होते.

भाकरी ही वरकरणी सोपी दिसणारी, पण खरी कसबाची गोष्ट आहे. ज्वारीच्या पिठात गव्हाच्या कणकेसारखा चिवटपणा नसतो. म्हणून पीठ गरम पाण्यात भिजवून चांगले मळावे लागते. पीठ जुने झाले तर त्याची विरी जाते आणि भाकरीला चिरा पडतात. थापलेली भाकरी तव्यावर टाकून वरच्या बाजूला पाण्याचा हात फिरविणे आणि शेवटी ती निखाऱ्यावर फुगविणे, यांतील प्रत्येक क्रियेची वेळ ठरलेली असते. त्या दिवशी शेतावर चाळीसएक पाहुणे होते. घरची सून आणि तिच्या जाऊबाई पहाटेपासून चुलीपुढे होत्या. आपण स्वतः केव्हा जेवता, असे विचारता, पाहुणे उठल्यावर, असे उत्तर मिळाले.

शेताचा हिशेब

त्या शेतकऱ्याने सांगितलेला हिशेब मोठा उद्बोधक वाटला. शाळूचे पीक पूर्ण पिकवायचे तर काढणी, मोडणी व मळणी यांसाठी मजूर लागतात, आणि मजुरी वाढलेली आहे. पाखरे राखण्यासाठी माणूस ठेवावा लागतो. त्यानंतर धान्य बाजारात जाते. हुरड्यासाठी खुडलेल्या कणसाचे पैसे मात्र धान्य येण्यापूर्वी महिना-दीड महिना अगोदर हाती येतात, मळणीचा खर्च वाचतो आणि कणीस खुडल्यावर उभी राहिलेली ताटे जनावरांना हिरवी वैरण म्हणून उपयोगी पडतात.

या हिशेबाची दुसरी बाजूही त्याने लपविली नाही. जेवढे रान हुरड्याला गेले तेवढे धान्य घरात येत नाही आणि वाळलेल्या कडब्याच्या गंजीतही तेवढी तूट येते. ज्याच्या दावणीला चार जनावरे आहेत त्याला ही तूट उन्हाळ्यात जाणवते. म्हणून त्याने आपल्या चार एकरांपैकी केवळ दहा गुंठे हुरड्यासाठी राखून ठेवले आहेत. ते रानही त्याने एकदम न पेरता आठ-दहा दिवसांच्या अंतराने तीन टप्प्यांत पेरले, त्यामुळे कोवळा हुरडा महिनाभर मिळू शकला. उशिराच्या पेरणीला जमिनीतील ओल पुरत नाही, तेव्हा विहिरीचे एखादे संरक्षित पाणी तिला द्यावे लागते. दरवर्षी पेरणीपूर्वी घरात बसून किती दाणा पाहुण्याला आणि किती कणगीला, हे ठरवावे लागते, असे त्याचे म्हणणे होते.

ज्वारीच्या दृष्टीने या दहा गुंठ्यांचे महत्त्व मोठे आहे. भारतात ज्वारीच्या उत्पादनात महाराष्ट्र अग्रेसर असला, तरी या पिकाखालील क्षेत्र गेल्या काही दशकांत सातत्याने घटत आले आहे. पाणी पोचले तेथे ऊस आला, इतरत्र हरभरा व अन्य पिके आली, आणि ताटात भाकरीऐवजी पोळी-भात आला. संयुक्त राष्ट्रांनी २०२३ हे वर्ष आंतरराष्ट्रीय भरडधान्य वर्ष म्हणून साजरे केले तेव्हा या धान्यांच्या पौष्टिकतेची सर्वत्र चर्चा झाली. परंतु पौष्टिक आहे म्हणून शेतकरी पीक पेरीत नाही. ते परवडले तरच तो पेरतो. हुरड्याच्या निमित्ताने दहा गुंठ्यांत चार पैसे अधिक मिळाले, तर उरलेल्या पावणेचार एकरांत शाळू पेरण्याचा धीर त्याला येतो.

धोरण आणि मर्यादा

महाराष्ट्रात कृषी पर्यटनाची संघटित सुरुवात २००५ च्या सुमारास बारामती परिसरात झाली. पुढे राज्य शासनाने २०२० मध्ये कृषी पर्यटन धोरण जाहीर केले. या धोरणान्वये वैयक्तिक शेतकऱ्यांप्रमाणेच कृषी सहकारी संस्था, कृषी विज्ञान केंद्रे, कृषी महाविद्यालये इत्यादींनाही पर्यटन केंद्र चालविता येते. केंद्राची नोंदणी पर्यटन संचालनालयाकडे करावयाची असते. जेवण देणाऱ्या केंद्राने २००६ च्या अन्न सुरक्षा व मानके कायद्याखालील नोंदणीकडेही दुर्लक्ष करू नये.

या संदर्भात इटलीचे उदाहरण लक्षात घेण्यासारखे आहे. त्या देशाने १९८५ मध्ये शेतावरील पर्यटनासाठी स्वतंत्र राष्ट्रीय कायदा केला आणि २००६ मध्ये त्याची जागा नव्या कायद्याने घेतली. या कायद्यांचा गाभा असा, की पाहुणचार करणारा हा प्रथम शेतकरी असला पाहिजे, शेतीचे काम मुख्य राहिले पाहिजे, आणि पाहुण्याच्या ताटातील अन्नाचा चांगला वाटा त्याच शेतातून व परिसरातून आला पाहिजे. शेतीचा आधार सुटला, की शेतावरचे जेवण आणि खाणावळीतले जेवण यांत फरक उरत नाही, हे तेथील कायदेकर्त्यांनी वेळीच ओळखले.

आपल्याकडेही काही ठिकाणी हिरवळ, कारंजे आणि ध्वनिक्षेपक यांची गर्दी झाली असून हुरडा मात्र बाहेरून पोत्यांनी येतो. पाहुणा एकदा येतो, पण पुन्हा येत नाही. याउलट ज्या शेतात त्याला उभे पीक पाहता येते, आगटीजवळ बसता येते आणि घरच्यांशी दोन शब्द बोलता येतात, तेथे तो पुढील वर्षी आणखी चार कुटुंबे घेऊन येतो. त्यामुळे अस्सलपणा जपणे हे व्यवहाराच्या दृष्टीनेही शहाणपणाचे आहे.

ग्रामपंचायत, शाळा व अधिकारी यांचा वाटा

असा व्यवसाय एकट्या शेतकऱ्याच्या बळावर उभा राहणे कठीण आहे. पाहुणा शेतापर्यंत पोचण्यासाठी पाणंद रस्ता चांगला हवा. यासाठी २०२१ मध्ये सुरू झालेल्या मातोश्री ग्रामसमृद्धी शेत व पाणंद रस्ते योजनेचा विचार ग्रामपंचायतींना करता येईल. पिण्याच्या पाण्याची तपासणी गावच्या जलसुरक्षकाकडून करून घ्यावी. स्त्रियांसाठी स्वच्छ शौचालय ही पहिली गरज मानावी. बिनकठड्याच्या विहिरीला निदान पाहुणे येण्यापूर्वी कुंपण घालावे. आगटीशेजारी पाण्याच्या दोन बादल्या भरून ठेवाव्यात, कारण वाऱ्याने उडालेली एक ठिणगी शेजारच्या वाळल्या रानाला पुरेशी असते. प्लॅस्टिकच्या ताटल्यांऐवजी पळसाच्या पत्रावळी वापराव्यात. त्यामुळे पत्रावळी लावणाऱ्या हातांना काम मिळते आणि प्लॅस्टिक गुरांच्या पोटात जात नाही.

आणखी एका धोक्याकडे लक्ष वेधणे आवश्यक आहे. पाहुण्यांची मुले हौसेने दिसेल ते हिरवे गवत बैलापुढे टाकतात. ज्वारीच्या कोवळ्या रोपांत व कापणीनंतर बुडख्यातून येणाऱ्या फुटव्यांत धुरीन नावाचे द्रव्य असते आणि त्यापासून जनावराच्या पोटात हायड्रोसायनिक आम्ल हे जालीम विष तयार होते. कोवळे फुटवे खाऊन जनावर दगावू शकते, हे शेतकरी जाणतो, पण पाहुणा जाणत नाही. ही सूचना प्रारंभीच देणे योग्य ठरेल.

शिक्षकांसाठी हुरड्याचे शेत ही उत्तम प्रयोगशाळा आहे. एका चौरस मीटरमधील ताटे मोजणे, एका कणसातील दाण्यांवरून गुंठ्याचे उत्पन्न काढणे, दुधाच्या, चिकाच्या व पक्व अवस्थेतील दाणा हाताने ओळखणे, आजीकडून वाणांची जुनी नावे लिहून घेणे, असे अनेक उपक्रम एका सहलीत होऊ शकतात. लांबच्या किल्ल्याची सहल न परवडणाऱ्या शाळेलाही शिवारातील सहल परवडते.

सर्वांत महत्त्वाचा प्रश्न चुलीपुढच्या कष्टांचा आहे. पाहुण्यांचे पैसे घेणारा हात बहुधा पुरुषाचा असतो आणि चाळीस माणसांच्या भाकरी थापणारे हात स्त्रीचे. घरचेच काम म्हणून तिची मजुरी हिशेबात धरली जात नाही. यावर एक साधा उपाय आहे. स्वयंपाक, चोळणी व पाखडणी ही कामे गावातील महिला बचत गटाकडे ठरलेल्या दराने सोपवावीत आणि ती रक्कम गटाच्या खात्यात जमा करावी. १९७५ मध्ये स्थापन झालेले महिला आर्थिक विकास महामंडळ आणि ‘उमेद’ अभियान यांच्या गटांचे जाळे गावोगाव आहे. घरच्या स्त्रीनेही गटाची सभासद म्हणून आपला वाटा घ्यावा. असे झाल्यास पाहुण्याचा पैसा एका घरापुरता न राहता चार घरांत पोचेल आणि चुलीचा भारही वाटला जाईल.

पाहुण्याचे कर्तव्य

पाहुण्यानेही काही पथ्ये पाळली पाहिजेत. येण्यापूर्वी दोन दिवस निरोप द्यावा, म्हणजे कणसे ताजी खुडता येतात आणि पीठ दळून ठेवता येते. उभ्या पिकात विनाकारण शिरू नये. पानावर हवे तेवढेच वाढून घ्यावे, कारण हुरड्याचा दाणा म्हणजे शेतकऱ्याने आपल्या कणगीतून वजा केलेला दाणा असतो. दराबाबत घासाघीस करण्याऐवजी जाताना पाच किलो ज्वारी, थोडी डाळ, एखादी चटणी विकत घ्यावी. जेवणाचे पैसे त्या दिवसापुरते असतात. घरी नेलेली ज्वारी आवडली, तर पाहुणा पुढे वर्षभराचा ग्राहक होतो, आणि शेतकऱ्याला खरा आधार मिळतो तो अशा ग्राहकाचा.

हुरड्याचा हंगाम थंडीत येत असला, तरी त्याचा निर्णय पेरणीच्या वेळीच करावा लागतो. किती शेतकरी सहभागी होणार, कोणत्या आठवड्यात कोणी पेरायचे, दर काय ठेवायचा, भाकरीची मजुरी किती द्यायची, पाणंद कोणती दुरुस्त करायची, हे सारे सप्टेंबरपूर्वी ठरले तर गावातील सर्वांनाच पाहुणे मिळतील आणि परस्परांत चढाओढ होणार नाही. १५ ऑगस्टची ग्रामसभा त्यासाठी सोयीची आहे. शाळूच्या पट्ट्यातील ग्रामपंचायतींनी त्या सभेच्या विषयपत्रिकेवर हा विषय घ्यावा. विस्तार अधिकाऱ्यांनी वाणांची व नोंदणीची माहिती घेऊन सभेस उपस्थित राहावे आणि बचत गटांतील भगिनींना आपले म्हणणे मांडण्याची संधी मिळेल, हे सरपंचांनी आवर्जून पाहावे.